जोन जोनासला व्हिडिओ आर्टमध्ये एवढं महत्त्व का देतात?

कारण व्हिडिओ ही कला आहे की नाही हेच ठरलेलं नव्हतं तेव्हा ही अमेरिकन कलाकार त्यात उतरली. जन्म १९३६, न्यूयॉर्क. शिकली आर्ट हिस्टरी आणि शिल्पकला, मग साठच्या दशकात तिथल्या डान्सवाल्यांचं काम बघून शिल्प सोडून परफॉर्मन्सकडे, म्हणजे प्रेक्षकांसमोर प्रत्यक्ष सादर करायच्या कलेकडे वळली, सुरुवातीच्या कामांत लोक मोठमोठे आरसे हातात धरून हळूहळू फिरायचे आणि प्रेक्षकांना त्यात स्वतःच दिसायचे.

१९७० मध्ये जपानला गेली, तिथे नोह हे पारंपरिक जपानी नाटक पाहिलं आणि सोनीचा पोर्टापॅक हा सोबत नेता येणारा व्हिडिओ कॅमेरा घेतला, खरं वळण तिथे आलं. तिचा १९७२ चा 'व्हर्टिकल रोल' हा व्हिडिओ बघाच. जुन्या टीव्हीवर चित्र वर-खाली सरकायचं आणि मध्ये काळी पट्टी यायची, आठवतंय ना? आपण वैतागून मागचं बटण फिरवायचो, हिने तो बिघाडच ठेवला आणि त्या पट्टीच्या तालावर चमचा आपटत, उड्या मारत जवळपास २० मिनिटं काम केलं. बाईचं शरीर स्क्रीनवर कधीच सलग, निवांत बघायला मिळत नाही, तुकड्यातुकड्यातच दिसतं, मला तर हे आजही अंगावर येतं.

मोठे मान मात्र फार उशिरा आले. एमआयटीत शिकवलं, २०१५ ला व्हेनिस बिएनाले या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात अमेरिकेचं दालन, २०१८ ला जपानचं क्योटो प्राइझ, आणि न्यूयॉर्कच्या मोमा या आधुनिक कलेच्या संग्रहालयात मोठं प्रदर्शन झालं २०२४ मध्ये, म्हणजे ऐंशी ओलांडल्यावर!