'मम' म्हणणारे आणि विचारणारे

प्रश्न बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातल्या एका वाचक ताईंचा आहे. गावात लक्ष्मी यात्रेची बैठक भरली, पंचांनी घरटी वर्गणी सांगितली आणि सगळ्यांनी माना डोलावल्या. ताईंनी उठून मागच्या यात्रेचा हिशोब मागितला. त्यावर एकजण म्हणाले, "सगळ्यांनी मम म्हटलंय, तू एकटीच आडमुठी." ताईंचं म्हणणं असं : 'मम' म्हणजे संस्कृतात 'माझे'. मग 'मम म्हणणे' याचा अर्थ मुकाट्यानं होकार देणे असा कसा झाला? आणि चारचौघांपेक्षा वेगळं बोलणाऱ्याला मराठीत आडमुठा, हेकट, एककल्ली याहून बरा शब्द नाही का? शिवाय लिहायचं 'मम' की 'मम्'?

'मम'चा उगम पूजेच्या पाटावर आहे. पूजेला बसलेला यजमान आधी संकल्प सोडतो. 'मम आत्मनः श्रुतिस्मृतिपुराणोक्तफलप्राप्त्यर्थम्' अशी ती लांबलचक शब्दावली असते. यजमानाला ती म्हणता येत नाही, म्हणून गुरुजीच ती म्हणतात आणि हातावर पाणी घेतलेल्या यजमानाला सांगतात, "मम म्हणा." यजमान "मम" म्हणतो आणि पाणी ताम्हनात सोडतो. म्हणजे संकल्प दुसऱ्याच्या तोंडचा, अर्थ बहुतेक वेळा न कळलेला, आणि त्यावर आपण म्हणतो : हे माझं. पूजेत त्यात गैर काही नाही. तिथं गुरुजींना आपणच बोलावलेलं असतं. पण हीच तऱ्हा पूजेबाहेर दिसू लागली, तेव्हा मराठी माणसानं नेमकं तेच अक्षर उचललं. दुसऱ्यानं ठरवलेलं, आपण न तपासलेलं, आणि तरी 'माझं मत' म्हणून सांगितलेलं, ते 'मम'. 'री ओढणे'मध्ये नुसता सूर लांबवायचा असतो. 'मम'मध्ये मालकीही सांगितली जाते, म्हणून मला हा वाक्प्रचार जास्त धारदार वाटतो.

आपल्या मराठी-कन्नड सीमाभागात या अर्थाच्या शब्दांना शेजारही चांगला लाभलाय. मराठीत 'होयबा' आहे. कन्नडमध्ये 'हौदप्पा' आहे. 'हौदु' म्हणजे होय, आणि 'बा' काय, 'अप्पा' काय, दोन्ही बापच. दोन्ही शब्दांची घडण अगदी एक. कन्नड म्हण तर प्रत्येक बैठकीत भिंतीवर लिहून ठेवावी अशी आहे : 'हौदप्पन चावडियल्लि अल्लप्पनन्नु केळोरु यारु?' हौदप्पाच्या चावडीत अल्लप्पाला कोण विचारतो? 'अल्ल' म्हणजे 'तसं नाही'. यल्लाप्पा, इराप्पा, बसाप्पा अशी नावं ज्या गल्लीत रोज हाकारली जातात, तिथं अल्लप्पा हा माणूस लगेच डोळ्यांपुढे उभा राहतो. खानापूरच्या त्या बैठकीत ताई अल्लप्पाच्या जागी उभ्या होत्या.

मराठीतल्या नंदीबैलालाही कन्नडमध्ये जोडीदार आहे, 'कोले बसव'. दारोदार फिरवलेला, विचारलं की मान हलवणारा. यातला 'बसव' म्हणजे संस्कृत 'वृषभ'च. आणि ज्यांच्या नावात तोच 'बसव' आहे ते 12व्या शतकातले बसवण्णा कधीच मान डोलावणारे नव्हते. परंपरा सांगते की त्यांनी लहानपणीच मुंज नाकारली. पुढे कल्याणला (आजचं बसवकल्याण) बिज्जळ राजाच्या दरबारात मोठ्या पदावर असतानाही त्यांनी जातिभेद मानला नाही, आणि ब्राह्मण मधुवरस व चर्मकार हरळय्या यांच्या घरांतल्या विवाहाच्या पाठीशी शरण, म्हणजे बसवण्णांचे अनुयायी, उभे राहिले. त्याची जबर किंमत त्यांना मोजावी लागली.

आता 'आडमुठी'. त्या गृहस्थांनी शब्द चुकीचा वापरला, असं माझं स्पष्ट मत आहे. आडमुठा म्हणजे समजावलेलं ऐकून न घेणारा. त्याला "का?" विचारलं तर सांगायला कारण नसतं, असतो तो हट्ट. हेकटाचंही तेच. एककल्ली वेगळा : तो एकाच नादात असतो, इतरांशी वाद घालायलाही त्याला सवड नसते. हिशोब मागणारी बाई यातल्या कशातच बसत नाही. तिच्याकडे कारण आहे, आणि हिशोब दाखवला तर ती वर्गणी द्यायलाही तयार आहे. उलट कारण न देता अडून बसले ते पंच. शब्द तिकडे शोभला असता.

बहुमताच्या विरुद्ध जाणारा प्रत्येकजण शहाणा असतो असंही नाही. नुसतं उलट बोलणाऱ्यालाही चारचौघांकडे पाहूनच आपलं मत ठरवावं लागतं. ते पूर्व म्हणाले की हा पश्चिम. तुकोबांची ओळ इथं फार उपयोगी पडते : 'सत्य असत्याशी मन केले ग्वाही, मानियेले नाही बहुमता.' संतांनी विचारलं म्हणून आपली हकिकत सांगताना त्यांनी हे म्हटलंय. 'ग्वाही' हा फारसीतून आलेला शब्द. आज आपण 'ग्वाही देणे' आश्वासनाच्या अर्थानं वापरतो, पण इथं तो साक्षीचा आहे. साक्षीदारानं स्वतः पाहिलेलं असावं लागतं, ऐकीव चालत नाही. ओळीत आधी मनाची साक्ष आहे, बहुमत न मानणं त्याच्या मागून येतं. तो क्रम मला महत्त्वाचा वाटतो.

आपल्याकडे 'बहुमत' शब्द बहुधा आकड्यांतच ऐकू येतो. 1956च्या राज्य पुनर्रचनेपासून कुठल्या गावात कुणाची भाषा किती टक्के, हाच हिशोब पिढ्यांनी केला. राज्यात बहुसंख्य दुसरे आहेत म्हणून आपलं म्हणणं खोटं ठरत नाही, हे सीमाभागातल्या मराठी माणसाला शिकवावं लागत नाही. मग तेच आपण आपल्या गल्लीतल्या बैठकीत एकट्या उठलेल्या बाईला का नाकारावं? हे मला खरोखर खुपतं.

चांगला शब्द कोणता? 'बंडखोर' फार मोठा, त्याला समोर सत्ता लागते. 'बाणेदार'मध्ये स्वाभिमान आहे, विचार असेलच असं नाही. 'स्वयंप्रज्ञ' पंडितांना शोभतो. माझं मत 'विचारी' या साध्या शब्दाला. मराठीत 'विचार करणे' आणि 'विचारणे' हे एकाच धातूतून आलेत. हिंदीत 'विचारना' म्हणजे मुख्यतः विचार करणे. जुन्या मराठीत प्रश्न करण्यासाठी 'पुसणे' होतं, पण पुढे ते काम 'विचारणे'कडे आलं. कन्नडमध्येही 'विचारिसु' म्हणजे चौकशी करणे. या दोन्ही भाषांत चौकशी आणि चिंतन एकाच शब्दात नांदतात. आज 'विचारी' म्हटलं की गप्प, सबुरीचा माणूस डोळ्यांपुढे येतो, हे खरं. पण शब्दाच्या अंगी दुसराही अर्थ आहे, आणि वापरला तर तो रुळेल. ताई, तुम्ही विचारलंत, तुम्ही विचारी.

राहिलं लेखन. संस्कृत रूप अकारान्त आहे, तेव्हा 'मम' लिहावं, पाय मोडू नये. बोलताना आपण शेवटचा अ गिळतो, म्हणून 'मम्' असं ऐकू येतं एवढंच.