'कापरं भरणं' म्हणजे काय? थरथर, हुडहुडी, कंप याहून ते वेगळं आहे का?

हो, छटा वेगळी आहे. कापरं म्हणजे आवरू म्हटलं तरी न आवरणारी अंगाची थरथर. कारण काहीही असू शकतं: ताप, भीती, संताप, अशक्तपणा. 'अंगाला कापरं भरलं', 'हातांना कापरं सुटलं' असं म्हणतात. विशेषण म्हणूनही येतं, 'कापरा आवाज'. मला तर हा वापर सगळ्यात बोलका वाटतो.

हुडहुडी मात्र थंडीची किंवा थंडी वाजून येणाऱ्या तापाची. आमच्या नाशिकला, त्यातही निफाडकडे, जानेवारीत पहाटे द्राक्षबागा वाचवायला शेकोट्या पेटवतात, तेव्हा भरते ती हुडहुडी. स्नायू भराभर आखडून उष्णता तयार करतात, म्हणून हे थरथरणं. रागाने कोणाला हुडहुडी भरत नाही. थरकाप उडतो तो भीतीने, आणि लटपटतात ते बहुधा पाय.

'कंप' संस्कृतातला: भूकंप, कंपन, कंपवात. कंपवात म्हणजे पार्किन्सनचा आजार; जेम्स पार्किन्सन यांनी १८१७ मध्ये त्याचं वर्णन केलं. त्यात हात बहुतेकदा स्वस्थ ठेवलेला असताना थरथरतो. पण हात कापतात म्हणजे कंपवातच, असं नाही. थायरॉइड वाढणं, साखर उतरणं, काही औषधं, घराण्यात चालत आलेला कंप, अशीही कारणं असतात. म्हणून घरातल्या आजीआजोबांचे हात कापू लागले तर 'वय झालं' म्हणून सोडून देऊ नका, डॉक्टरांना दाखवा.