पैठणीचा पदर आणि ८० हजारांचा कॅमेरा

प्रश्न : मुलगी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. एमपीएससीचा क्लास सोडला आणि दर रविवारी येवल्याला एका विणकराचं शूटिंग करायला जाते. कलाकारांवर माहितीपट करणार म्हणते, ८० हजारांचा कॅमेरा मागते. यात पोट भरतं का? – एक पालक, नाशिकरोड

उत्तर : नमस्कार. सोबत पाठवलेली तीन मिनिटांची क्लिप मी चारदा पाहिली. सुरुवातीचे प्रश्न पाठ केलेले वाटतात. पण मग विणकर बोलता बोलता गप्प होतात, पैठणीच्या पदरावरच्या मोराच्या मानेशी आलेले धागे बोटानं मोजू लागतात, आणि तुमच्या लेकीनं कॅमेरा तिथंच धरून ठेवलाय. घाई नाही, मध्येच प्रश्न नाही. हा धीर शिकवून येत नाही. तिला यातून काढू नका.

कॅमेरा मात्र आत्ता नको. चित्र मोबाइलवरही छान आलंय, आवाज फसलाय. पंख्याच्या घरघरीत विणकरांचे शब्द बुडतात, आडवा धागा नेणाऱ्या धोट्याचा आवाज तर येतच नाही. आधी कॉलर माइक आणि छोटा रेकॉर्डर घ्या, कॅमेऱ्याच्या मानानं खर्च फार कमी आहे.

आता पोटाचं. नुसत्या माहितीपटांवर पहिली काही वर्षं घर चालत नाही. या क्षेत्रातली बरीच मंडळी एडिटिंग, लग्नाचं शूटिंग, संस्थांच्या फिल्म करत आपलं काम पुढे रेटतात. एडिटिंग हातात बसलं तर नाशिकमध्ये राहूनही कमाई होते. सत्यजित राय यांनी 'पथेर पांचाली' जाहिरात कंपनीतली नोकरी सांभाळून केला. शांतिनिकेतनात ज्यांच्याकडे शिकले, त्या चित्रकार बिनोदबिहारी मुखर्जींवरचा त्यांचा माहितीपट आला १९७२ मध्ये, तीसेक वर्षांनी. लांबी जेमतेम २० मिनिटं! ओळख मुरावी लागते.

पदवी पूर्ण करायलाच हवी. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये, म्हणजे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, दिग्दर्शनाला कुठल्याही शाखेची चालते, पण ती लागतेच. प्रवेश परीक्षेला बसण्याआधी तिची एक फिल्म पुरी होऊ दे. आपल्या त्र्यंबकेश्वरच्या दादासाहेब फाळक्यांनी भांडवल मागायला जाण्याआधी वाटाण्याच्या रोपाची वाढ चित्रित करून दाखवली होती. हिनं हाच विणकर धरावा : दहा मिनिटं, एक माणूस, एक पदर, सुरू झाल्यापासून मागावरून उतरेपर्यंत. हातमागाच्या अस्सल पैठणीचा पदर उलट्या बाजूनंही जवळपास तसाच दिसतो, ती बाजू क्लिपमध्ये कुठंच नाही. शिवाय विणकरांची लेखी परवानगी घ्यायला सांगा, आणि फिल्म झाली की सगळ्यांत आधी त्यांनाच दाखवायला सांगा.

येत्या रविवारी तुम्हीही तिच्यासोबत येवल्याला जा. हेडफोन लावून आवाज तपासायला एक माणूस लागतोच.