लळा लागला की लावला?

प्रश्न असा आला आहे: वाड्यातला एक मुलगा, जन्मापासून आजारी, स्वभावाने शांत, नवव्या वर्षी गेला. त्याच्या आठवणी लिहिताना ‘आम्हांला त्याचा लळा लागला’ म्हणावं की ‘त्याने लळा लावला’? अंथरुणावरचं पोर काही ‘लावतं’ हे खटकणार नाही का?

नाही खटकणार. मी ‘लावला’च लिहीन. ‘लावणे’ हे ‘लागणे’चं प्रयोजक रूप, त्याला कर्ता हवा. पण कर्त्याने काही ठरवून केलं पाहिजे अशी मराठीची अट नाही. एखादी चाल वेड लावते, सांजवेळ हुरहूर लावते. तसं, उठून बसायलाही आधार लागणारं पोर अख्ख्या वाड्याला लळा लावतं. ‘लागला’ म्हटलं की गोष्ट तुमची होते, ‘लावला’ म्हटलं की त्याची.

‘जीव लावणे’ मात्र जपून वापरा, तिथे दिशा उलटी आहे. जीव लावणारा माया करतो. लळा लावणाऱ्यात दुसरे गुंततात. ‘आम्ही त्याला जीव लावला, त्याने आम्हांला लळा लावला’ हे दोन्ही एका वाक्यात खरं असू शकतं.

लळा, लाड, लडिवाळ ही एकाच घरची भावंडं. मुळाशी संस्कृत ‘लल्’, खेळणे-बागडणे. संतांकडे ‘लळे’ अनेकवचनात येतात, अर्थ लाड. लळे पुरवायचे, लळे पाळायचे.

तुमच्या मजकुरातलं ‘तोळामासा वजनाचा’ बदला. तोळामासा असते ती प्रकृती. 12 माशांचा एक तोळा, 8 गुंजांचा एक मासा. ‘घडीत तोळा, घडीत मासा’ म्हणतात, तीच कल्पना मला इथे दिसते: आज बरं, उद्या पुन्हा ताप. नुसत्या बारीकपणासाठी ‘किडकिडीत’ आहे, ‘हडकुळा’ आहे.

शेवटचं ‘चटका लावून गेला’ श्रद्धांजलीच्या फलकांनी गुळगुळीत केलंय. शिवाय चटका अचानक बसतो. इथे तर घरच्यांना वर्षभर आधीच डॉक्टरांनी सांगितलं होतं, असं तुम्हीच लिहिलंय. मागे राहिली ती हुरहूर. आणि त्याला गोष्टीचं अर्धं पुस्तक वाचून दाखवायचं राहून गेलं, त्या वाक्यात हुरहूरही नको. स्वतःच्या हातून राहिलेल्या गोष्टीची लागते ती चुटपुट.