बफेलो बिल्स सलग 17 मोसम प्लेऑफला का मुकले?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: एनएफएलमध्ये (अमेरिकन फुटबॉलच्या लीगमध्ये) सगळ्या संघांना पगारखर्चाची सारखीच मर्यादा आहे आणि तळाच्या संघाला नवे खेळाडू निवडण्याचा पहिला मान मिळतो. मग बफेलो बिल्स 2000 ते 2016 असे सलग 17 मोसम प्लेऑफबाहेर कसे राहिले? नशीब वाईट होतं की संघच वाईट होता?

माझं उत्तर: संघ वाईट नव्हता, मध्यम होता आणि मध्यमच राहिला. या लीगमध्ये तळाला जाण्यापेक्षा मध्येच अडकणं जास्त घातक आहे. त्यात बिल्सनी दर दोन-तीन वर्षांनी जुनं मोडून नव्याने मांडणी केली.

आधी नशिबाचा हिशोब करू. त्या काळात 32 पैकी (2001 पर्यंत 31 पैकी) 12 संघ प्लेऑफला जात. सगळे संघ अगदी सारखे धरले, तर एका मोसमात बाहेर राहण्याची शक्यता 62.5 टक्के. सलग 17 वेळा बाहेर राहण्याची शक्यता साधारण 3000 मध्ये एक. म्हणजे नुसत्या नशिबाने हे घडत नाही.

आता निकाल बघा. या 17 मोसमांत बिल्सनी 272 सामन्यांपैकी 112 जिंकले आणि 160 हरले. पण वाटणी बघितली की खरं दुखणं दिसतं. 17 पैकी 12 मोसमांत त्यांचे विजय 6, 7 किंवा 8 होते. 2006, 2007, 2008 ही तिन्ही वर्षं 7-9 (7 विजय, 9 पराभव). 2011, 2012, 2013 ही तिन्ही वर्षं 6-10. प्लेऑफसाठी साधारण 10 विजय लागतात, आणि ड्राफ्टमध्ये अगदी वरचा क्रमांक हवा असेल तर 3-4 विजयांवर थांबावं लागतं. बिल्स दोन्हीकडून लांब होते.

ड्राफ्ट म्हणजे आयपीएलसारखा लिलाव नव्हे. तिथे बोली नसते, क्रम असतो. महाविद्यालयांतून येणारे खेळाडू संघ फेरीफेरीने एकेक करून निवडतात. सर्वांत कमी जिंकलेला संघ आधी. भरवशाचा क्वार्टरबॅक (चेंडू फेकून आक्रमण चालवणारा खेळाडू) बहुतेक पहिल्या काही क्रमांकांत जातो, आणि तो नसला तर बाकी संघ कितीही चांगला असो, 9-7 च्या पुढे जाणं कठीण. बिल्स खरोखर तळाला गेले ते तीनदाच. 2001 ला 3-13 झाल्यावर त्यांना चौथा क्रमांक मिळाला, पण डेव्हिड कार आणि जोई हॅरिंग्टन हे दोघे क्वार्टरबॅक त्याआधीच गेले होते. बिल्सनी आक्रमणफळीतला माइक विल्यम्स घेतला आणि तो टिकला नाही. 2005 ला 5-11. आठव्या क्रमांकावर डॉन्टे व्हिटनर हा सेफ्टी, म्हणजे बचावपटू. 2010 ला 4-12. तिसऱ्या क्रमांकावर मार्सेल डॅरियस, तर क्वार्टरबॅक कॅम न्यूटन पहिल्याच क्रमांकावर गेलेला.

मग क्वार्टरबॅक मिळवायचे आडमार्ग आले, आणि तिथे किंमत जास्त मोजली गेली. 2002 मध्ये ड्रू ब्लेडसोसाठी पुढच्या वर्षीची पहिल्या फेरीची निवड (निवडण्याचा हक्क) दिली, तीसुद्धा आपल्याच विभागातल्या, म्हणजे दरवर्षी दोनदा समोर येणाऱ्या पेट्रियट्सना. पहिल्या वर्षी 8-8 झालं, मग ब्लेडसोचा खेळ उतरला.

2004 चा ड्राफ्ट मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. बिल्सचा क्रमांक 13 वा होता. 11 व्या क्रमांकावर पिट्सबर्गने क्वार्टरबॅक बेन रॉथलिसबर्गर उचलला. बिल्सनी 13 व्या क्रमांकावर ली इव्हान्स हा रिसीव्हर (पास झेलणारा) घेतला आणि मग पुन्हा पहिल्या फेरीत शिरण्यासाठी डॅलसला त्या वर्षीची दुसऱ्या आणि पाचव्या फेरीची निवड, शिवाय 2005 ची पहिल्या फेरीची निवड देऊन टाकली. 22 व्या क्रमांकावर घेतला क्वार्टरबॅक जे. पी. लॉसमन. तो रुळला नाही. 2005 मध्ये बिल्सची ती गेलेली निवड 20 वी ठरली, आणि पुढे नावाजलेला क्वार्टरबॅक ॲरन रॉजर्स त्या दिवशी 24 व्या क्रमांकापर्यंत शिल्लक होता. तेव्हा त्यांनी त्यालाच घेतलं असतं असा दावा मी करत नाही. पण पुढच्या वर्षीची पहिली निवड देऊन टाकली की चूक सुधारण्याचं साधनच हातातून जातं.

त्याच 2004 च्या मोसमात सुरुवातीचे चार सामने हरूनही बिल्स सलग सहा विजय मिळवत शेवटच्या आठवड्यापर्यंत शर्यतीत आले होते. घरच्या मैदानावर समोर पिट्सबर्गचे स्टीलर्स. त्यांचं स्थान पक्कं झालेलं, म्हणून रॉथलिसबर्गरसकट अनेक मुख्य खेळाडू विश्रांतीवर. बिल्स तो सामना 29-24 ने हरले. दुष्काळातल्या सगळ्या पराभवांमध्ये हा जास्त लागतो, कारण इथे ना नशीब आड आलं होतं ना बलाढ्य प्रतिस्पर्धी.

2013 मध्ये आठव्यावरून 16 व्या क्रमांकावर उतरून ई. जे. मॅन्युएल घेतला, त्या वर्षी पहिल्या फेरीत गेलेला तो एकमेव क्वार्टरबॅक. लगेच 2014 मध्ये त्याच्यासाठी सॅमी वॉटकिन्स हा रिसीव्हर घ्यायला नवव्यावरून चौथ्या क्रमांकावर चढले. त्यासाठी 2015 ची पहिल्या आणि चौथ्या फेरीची निवड क्लीव्हलँडला दिली. चार सामन्यांनंतर मॅन्युएल बाकावर बसला. रिसीव्हर हाती राहिला, चेंडू फेकणारा गेला आणि नवा शोधायला निवडही उरली नाही. पाचव्या क्रमांकावर रेडर्सनी पुढे गाजलेला बचावपटू खलील मॅक घेतला, तोही बफेलो विद्यापीठातलाच. त्याच डिसेंबरमध्ये, तोवर फक्त दोन सामने जिंकलेल्या रेडर्सकडून 26-24 ने हरून बिल्स शर्यतीतून बाद झाले.

दुसरं कारण सतत बदलणारी पद्धत. दुष्काळात सात पूर्णवेळ मुख्य प्रशिक्षक झाले: वेड फिलिप्स, ग्रेग विल्यम्स, माइक मुलार्की, डिक जॉरन, चॅन गेली, डग मरोन, रेक्स रायन. मध्ये दोन हंगामी. प्रशिक्षक बदलला की नुसता माणूस बदलत नाही, बचावाची रचना बदलते आणि त्या रचनेसाठी जमवलेले खेळाडू चुकीच्या जागी पडतात. जॉरनच्या काळात पुढच्या फळीत चौघे. गेली आल्यावर तिघे. 2012 ला पुन्हा चौघे, 2013 ला पुन्हा तिघांकडे झुकणारी मिश्र रचना, 2014 ला जिम श्वार्ट्झच्या हाताखाली परत चौघे.

2014 मध्ये हे जमून आलं होतं. बिल्सनी 54 सॅक केले (पास फेकण्याआधीच क्वार्टरबॅकला पाडलं), लीगमध्ये सर्वाधिक. 2012 मध्ये सहा वर्षांच्या करारावर आणलेल्या मारियो विल्यम्सचे एकट्याचे 14.5. मोसमानंतर मरोन स्वतःहून निघून गेला, रेक्स रायन आला आणि श्वार्ट्झला जावं लागलं. रायनच्या रचनेत कडेच्या खेळाडूंना अधूनमधून मागे सरकून पास अडवावा लागतो. मारियोसारख्या सरळ क्वार्टरबॅकवर धावून जाणाऱ्या माणसाला ते मानवलं नाही. 2015 मध्ये संघाचे सॅक 54 वरून 21 वर आले, त्याचे 5 वर. फळी जवळपास तीच होती, काम बदललं होतं.

तिसरं, चांगले खेळाडू हातचे गेले. ड्राफ्टमध्ये कुणीही न निवडलेल्या जेसन पीटर्सला बिल्सनी घडवून डावा टॅकल (क्वार्टरबॅकचं रक्षण करणारा) केलं आणि कराराच्या वादात 2009 मध्ये ईगल्सना दिलं. मार्शॉन लिंच ऑक्टोबर 2010 मध्ये सिॲटलला गेला, मोबदल्यात एक चौथ्या फेरीची आणि एक अटींवर ठरणारी नंतरची निवड. स्टेफॉन गिलमोर 2017 मध्ये पेट्रियट्सकडे. तिघांनाही पुढे सुपर बोलची, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्याच्या विजेत्याची अंगठी मिळाली.

आपल्याच विभागात बलाढ्य पेट्रियट्स होते, हे कारण सगळे पहिलं सांगतात. त्यात तथ्य आहे. त्यांचा क्वार्टरबॅक टॉम ब्रेडी पेट्रियट्सकडून बिल्सशी 35 सामने खेळला आणि फक्त 3 हरला. दरवर्षी दोन सामने बहुतेक वेळा सुरुवातीलाच वजा. पण याच विभागातून याच 17 मोसमांत जेट्स सहा वेळा आणि डॉल्फिन्स चार वेळा प्लेऑफला गेले. त्यामुळे हे अर्धंच कारण.

एक गोष्ट सहसा कुणी मोजत नाही. 2008 ते 2013 बिल्स वर्षातला एक घरचा सामना टोरांटोला नेत असत, बंद छताच्या स्टेडियममध्ये. उत्पन्नासाठी ते समजण्यासारखं होतं, पण थंडी, वारा आणि आपले प्रेक्षक हा बफेलोचा मोठा आधार. तिथल्या नियमित मोसमातल्या सहा सामन्यांत एक विजय, पाच पराभव. दरवर्षी 6-7 विजयांवर अडकणाऱ्या संघाला असा एक सामनाही महाग पडतो.

दुष्काळाची सुरुवात नेमकी कुठे झाली हेही सांगतो. 8 जानेवारी 2000 ला प्लेऑफच्या सामन्यात टेनेसीविरुद्ध 16 सेकंद उरले असताना बिल्स 16-15 ने पुढे होते. किकऑफवर फ्रँक वायचेकने मैदानाच्या दुसऱ्या टोकाला आडवा पास दिला आणि केव्हिन डायसन 75 यार्ड धावत गेला. पंचांनी तपासून तो वैध ठरवला, 22-16. लोक याला शाप म्हणतात. माझ्या मते त्यानंतरच्या फेब्रुवारीत घडलं ते जास्त महत्त्वाचं: पगारमर्यादेत बसण्यासाठी ब्रूस स्मिथ, थर्मन थॉमस आणि आंद्रे रीड या तिघांना एकाच वेळी सोडावं लागलं. सलग चार सुपर बोल गाठणारी पिढी तिथे संपली आणि तिची जागा घेणारे तयार नव्हते.

शेवट मात्र खरोखर नशिबाने झाला. 31 डिसेंबर 2017 ला बिल्सनी मायामीला 22-16 ने हरवलं, पण बाल्टिमोर हरणंही गरजेचं होतं. बाल्टिमोरविरुद्ध सिनसिनाटीच्या अँडी डाल्टनने 44 सेकंद उरले असताना, चौथ्या म्हणजे शेवटच्या प्रयत्नात 12 यार्ड हवे असताना टायलर बॉयडला 49 यार्डांचा टचडाउन पास दिला, 31-27. बफेलोच्या चाहत्यांनी डाल्टनच्या धर्मादाय संस्थेला 17-17 डॉलर पाठवले, एकेका मोसमासाठी एकेक. आठवडाभरात जॅक्सनव्हिलमध्ये बिल्स 10-3 ने हरले. म्हणजे 2017 चा संघसुद्धा 9-7 चाच, मध्यम.

मूळ दुखणं बरं झालं ते वेगळ्या मार्गाने. 2017 च्या ड्राफ्टमध्ये नवा प्रशिक्षक शॉन मॅकडर्मटच्या काळात बिल्सनी दहावा क्रमांक कॅन्सस सिटीला दिला. कॅन्ससने त्यावर पुढे गाजलेला क्वार्टरबॅक पॅट्रिक महोम्स घेतला, आणि बफेलोत याची हळहळ आजही आहे. मोबदल्यात मात्र 27 वी आणि 91 वी निवड शिवाय 2018 ची पहिली फेरी मिळाली. त्यातून ट्रेडेव्हिअस व्हाइट आणि पुढच्या वर्षी ट्रेमेन एडमंड्स हे बचावपटू आले. 2018 मध्ये जनरल मॅनेजर ब्रँडन बीनने 21 व्या निवडीसोबत कॉर्डी ग्लेन देऊन 12 वी मिळवली, मग ती 12 वी आणि दुसऱ्या फेरीच्या दोन निवडी टँपाला देऊन सातवी. तिथे घेतला क्वार्टरबॅक जॉश ॲलन. वर चढण्याची किंमत इथेही मोठीच होती, पण पुढच्या वर्षाची पहिली निवड हातात राहिली. 2004 आणि 2018 मधला फरक मला इथे दिसतो.

2018 ला निकाल पुन्हा 6-10 लागला. जुन्या सवयीने इथे प्रशिक्षकावर गदा आली असती. मॅकडर्मट राहिला, बचावाची रचना तीच राहिली, ॲलनला चुका करत खेळू दिलं. 2019 मध्ये 10-6.