कॉलर्ड लिझर्ड कुठे राहतो, कसा दिसतो आणि तो खरोखर धोक्यात आहे का?

अमेरिकेतील ओक्लाहोमा राज्यात राहणाऱ्या तुमच्या बहिणीने पाठवलेल्या छायाचित्रातला हिरवट निळा, पिवळ्या गळ्याचा आणि मानेवर दोन काळे पट्टे असलेला सरडा खरोखरच त्या रंगाचा असतो की रंग नंतर भरलेले आहेत, तो कुठे राहतो आणि जंगलतोडीमुळे तो संपत चालला आहे का, असे तुम्ही विचारले आहे. नोकरीनिमित्त मी मिसूरी राज्यात चार वर्षे राहिलो आणि त्यातले बरेच शनिवार-रविवार या सरड्याच्या मागे घालवले, म्हणून उत्तर देण्याचे धाडस करतो. रंग खरे आहेत. जंगलतोडीबद्दलची तुमची शंका मात्र उलट्या दिशेची आहे, कारण या सरड्याचे काही भागांत जे नुकसान झाले ते झाडे वाढू दिल्यामुळे झाले.

या सरड्याला इंग्रजीत कॉलर्ड लिझर्ड म्हणतात. त्याचे शास्त्रीय नाव क्रोटाफायटस कोलॅरिस असून थॉमस से या अमेरिकी निसर्गशास्त्रज्ञाने १८२३ मध्ये त्याचे पहिले वर्णन प्रसिद्ध केले. ओक्लाहोमातील लोक त्याला ‘माउंटन बूमर’, म्हणजे डोंगरात घुमणारा, म्हणतात आणि १९६९ पासून तो त्या राज्याचा अधिकृत राज्य-सरपटणारा प्राणी आहे. गंमत अशी की घुमणे तर दूरच, हा प्राणी जवळजवळ मुकाच आहे.

शेपटीसह त्याची लांबी साधारण २० ते ३५ सेंटिमीटर भरते आणि तीत निम्म्याहून बराच अधिक वाटा शेपटीचा असतो. डोके शरीराच्या मानाने मोठे व रुंद असते, कारण त्यात जबड्याचे दणकट स्नायू सामावलेले असतात. नराचा रंग प्रदेशानुसार बदलतो. कुठे तो गवती हिरवा, कुठे मोरपिशी, तर कुठे नुसता करडा-तपकिरी, त्यावर फिकट ठिपक्यांची पखरण आणि गळा पिवळा किंवा नारिंगी. मानेवरचे दोन काळे पट्टे मात्र नर-मादी दोघांनाही असतात व नावातली ‘कॉलर’ तीच. सकाळच्या गारव्यात हाच नर मळकट दिसतो आणि ऊन खाऊन अंग तापले की तासाभरात झळाळू लागतो, त्यामुळे छायाचित्रातील रंग बनावट वाटणे अगदी स्वाभाविक आहे.

मादी एरवी फिकट तपकिरी असते, पण अंडी धरण्याच्या दिवसांत तिच्या कुशीवर व मानेवर शेंदरी-नारिंगी ठिपके व पट्टे उमटतात आणि अंडी घातल्यावर ते हळूहळू मावळतात. हे रंग म्हणजे नराला ‘आता जवळ येऊ नकोस’ असा इशारा असावा, असे पूर्वी मानले जात असे. ओक्लाहोमात एडमंड शहराजवळच्या आर्केडिया तलावावर झालेल्या निरीक्षणांत मात्र नर या नारिंगी माद्यांकडे अधिकच उत्सुकतेने वळताना आढळले. धरणाच्या बांधकामासाठी आणून टाकलेल्या दगडांवर तिथे हे सरडे सुखाने नांदतात. दगड निसर्गाने ठेवला की कंत्राटदाराने, याचे त्यांना सोयरसुतक नसते. नरांची भांडणेही पाहण्यासारखी असतात. ते समोरासमोर येऊन जबडा वासतात आणि तोंडाच्या कोपऱ्यांतील पांढरे डाग दाखवतात. हे डाग अतिनील प्रकाश परावर्तित करतात आणि त्यामागच्या स्नायूंचा आकार उघड करतात, म्हणजे चावा किती जोराचा असेल याची जाहिरातच ती. ज्याचा चावा जबर त्याला जोडीदारही अधिक मिळतात, असे अभ्यासात दिसून आले आहे. हाताने पकडण्याचा मोह झाला तर हे लक्षात ठेवावे.

पळताना वेग वाढला की तो पुढचे पाय उचलून केवळ मागच्या दोन पायांवर धावतो, शेपूट तोल सावरते आणि वेग ताशी २५ किलोमीटरच्या आसपास जातो. मी पहिल्यांदा हे पाहिले तेव्हा एखादा चिमुकला डायनोसॉर खडकावरून निसटल्यासारखे वाटले. पाल संकटात शेपूट टाकून निसटते, ती युक्ती याच्याकडे नाही. त्याची शेपूट सहजासहजी तुटत नाही आणि तुटलीच तर पुन्हा वाढत नाही. नाकतोडे, टोळ, भुंगेरे, कोळी हे त्याचे मुख्य खाद्य असले तरी लहान सरडेही तो बिनदिक्कत गिळतो.

त्याचा वावर पूर्वेला मिसूरी व आर्कान्सापासून कॅन्सस, ओक्लाहोमा, टेक्सास, न्यू मेक्सिको, कोलोरॅडो, युटा व ॲरिझोनामार्गे उत्तर मेक्सिकोपर्यंत आहे. एवढ्या विस्तीर्ण मुलखात त्याची अट एकच: उंचवट्याचा खडक, त्याखाली शिरायला फट, आणि भोवती नजर पोहोचेल असे मोकळे रान. त्याच्या शरीराचे कामकाज ३७-३८ अंश सेल्सिअसला उत्तम चालते, त्यामुळे सावली त्याला परवडत नाही.

पश्चिमेकडच्या कोरड्या मुलखात अशा जागांची वाण नाही, पण मिसूरी-आर्कान्सातील ओझार्क डोंगररांगा तर ओक व हिकरी वृक्षांनी भरलेल्या. तिथे हा सरडा ‘ग्लेड’ नावाच्या जागी राहतो. दक्षिणेकडे किंवा पश्चिमेकडे उतरणाऱ्या कुशीवर मातीचा थर इतका पातळ असतो की मोठे झाड मूळ धरू शकत नाही, आणि चुनखडीचा, वालुकाश्माचा किंवा ज्वालामुखीजन्य खडक उघडा पडतो. कोकणातला सडा ज्यांनी पाहिला आहे त्यांना ही कल्पना चटकन येईल. उन्हाळ्यात हा खडक तव्यासारखा तापतो. तिथे निवडुंग उगवतो, विंचू आणि टॅरँटुला कोळी सापडतात. घनदाट जंगलाच्या मधोमध वाळवंटाचे हे तुकडे पाहिले की प्रश्न पडतो की हे सारे इथे आले कसे. सुमारे ८,००० ते ४,००० वर्षांपूर्वी हवामान आजच्यापेक्षा उष्ण व कोरडे होते, तेव्हा नैर्ऋत्येकडील कोरड्या प्रदेशातील जीव इथवर पसरले. पुढे पाऊस वाढला, झाडी पुढे सरकली आणि ते ग्लेडच्या बेटांवर अडकले. तरीही ही बेटे एकमेकांपासून तुटलेली नव्हती, कारण विजेने लागलेले आणि मूळ रहिवाशांनी मुद्दाम लावलेले वणवे अधूनमधून झुडपे जाळत राहत आणि दोन ग्लेडमधले रान विरळ, गवताळ राही. त्यातून तरुण सरडे एका खडकावरून दुसऱ्या खडकाकडे जाऊ शकत.

विसाव्या शतकात जंगल वाचवण्याच्या सद्हेतूने प्रत्येक आग विझवण्याचे धोरण आले आणि ही साखळी तुटली. रेड सीडर नावाचे सदाहरित झाड, जे आगीला मुळीच तोंड देऊ शकत नाही, ते ग्लेडवर घुसले आणि खडकावर सावली पडू लागली. भोवतीच्या जंगलात झुडपांची भिंत उभी राहिली आणि नाकतोडेही कमी झाले. सेंट लुईस येथील वॉशिंग्टन विद्यापीठातील ॲलन टेम्पल्टन व त्यांच्या सहकाऱ्यांनी या सरड्यांच्या जनुकांची तपासणी केली तेव्हा एका ग्लेडवरचे सरडे एकमेकांशी जवळजवळ तंतोतंत जुळत, पण शेजारच्या ग्लेडवरच्यांपेक्षा वेगळे निघत. म्हणजे येणे-जाणे थांबले होते. अशा बेटावरचे काही डझन सरडे एखाद्या वाईट वर्षात मेले, तर त्यांची जागा घ्यायला कोणीच येत नाही.

यावरचा प्रयोग मला सर्वांत उद्बोधक वाटतो. मिसूरीतील पेक रँच या राखीव क्षेत्रात स्टेगल माउंटन नावाचा डोंगर आहे, तिथले सरडे नाहीसे झाले होते. १९८०च्या दशकात काही ग्लेडवरचे सीडर हटवून तिथे दुसरीकडून आणलेले सरडे सोडण्यात आले. ते जगले, वाढले, त्यांना पिल्लेही झाली, पण अगदी जवळच असलेल्या रिकाम्या ग्लेडवर वर्षानुवर्षे एकही सरडा पोहोचला नाही. मधला झाडीचा पट्टा ओलांडायला ते तयारच नव्हते. १९९४ पासून केवळ ग्लेड नव्हे, तर मधल्या जंगलासह सगळा डोंगरउतार नियंत्रितपणे जाळायला सुरुवात झाली आणि सरडे थोड्याच काळात नव्या ग्लेडवर दिसू लागले. अशा आगी बहुधा हिवाळ्याच्या अखेरीस लावतात. त्या वेळी सरडे जमिनीखाली शीतनिद्रेत असतात आणि वरून ज्वाळा निघून जातात.

म्हणून धोक्यात आहे का, या प्रश्नाला एका शब्दात उत्तर देता येत नाही. संपूर्ण जात म्हणून आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघटनेच्या यादीत तो सर्वांत कमी चिंतेच्या गटात आहे आणि न्यू मेक्सिकोत राहणारा माणूस तुमच्या काळजीवर हसेल. ओझार्कसारख्या कडेच्या प्रदेशांत मात्र चिंता खरी आहे. आगी विझवण्याखेरीज दुसरे कारण म्हणजे बागा सजवण्यासाठी ग्लेडवरचे सपाट दगड उचलून नेणे. एकदा मीही कुतूहलापोटी एक दगड उलटला होता, तेव्हा सोबतच्या अनुभवी गृहस्थांनी तो मला होता तसाच, त्याच खाचेत परत ठेवायला लावला. दगड आणि जमीन यांमधली ती बोटभर फट हेच त्या सरड्याचे घर असते, आणि तिरपा ठेवलेला दगड त्याच्या दृष्टीने पडके घर असतो.

या संदर्भात आपल्याकडची एक गोष्ट आठवल्यावाचून राहत नाही. साताऱ्याजवळच्या चाळकेवाडी पठारावर निळा-काळा-नारिंगी गळा फुलवणारा एक सरडा आहे. २०१६ मध्ये त्याच्या प्रजातीला शास्त्रज्ञांनी चक्क ‘सरडा’ हे मराठी नाव दिले. त्यालाही उघडेच रान लागते. तरीही माळ दिसला की तो ओसाड समजून खड्डे खणायला आणि रोपे लावायला आपले हात शिवशिवतात, ही सवय मला अमेरिकेतल्या आग विझवण्याच्या अट्टहासाची सख्खी बहीण वाटते.

बहिणीकडे जाण्याचा बेत असेल तर ओक्लाहोमातील विचिटा माउंटन्स अभयारण्य गाठावे. तिथल्या ग्रॅनाइटच्या उघड्या खडकांवर हे सरडे दिसतात. मे-जूनमध्ये, सकाळी दहाच्या सुमारास, खडक तापू लागल्यावर जावे आणि भोवतालच्या सर्वांत उंच दगडाच्या माथ्यावर दुर्बीण रोखावी, कारण नर तिथेच पहाऱ्याला बसतो. उन्हाळा सरता सरता प्रौढ सरडे दगडाखाली दडी मारू लागतात, त्यामुळे सप्टेंबरअखेर पोहोचलात तर बहुधा आडव्या पट्ट्यांची त्या वर्षीची पिल्लेच भेटतील.