सहाची घंटा

ओवी,

परवा शाळेतून आलीस आणि बूट काढता काढताच विचारलंस, "आई, तुझा देवावर विश्वास नाहीये ना, मग रोज दिवा का लावतेस?" मी कुकरच्या शिट्ट्या मोजतेय असं दाखवलं, पण लागलं गं मला ते.

कुठून आलं ते कळतंय. वर्गात कम्युनियनची, म्हणजे चर्चमधल्या पहिल्या प्रसादाच्या विधीची, तयारी चाललीय आणि तुम्ही चौघं मागे बसून चित्रं रंगवता. आयर्लंडमध्ये दहातल्या जवळपास नऊ प्राथमिक शाळा कॅथलिक, आपल्याला जवळची तीच मिळाली. तुझ्या मैत्रिणीकडे रविवारी कोणी चर्चमध्ये मासला, प्रार्थनेला जात नाही, तरी पांढरा ड्रेस, बाउन्सी कासल, पैशांची पाकिटं सगळं होणारच. तिची आजी 1979 ला पोपना बघायला डब्लिनच्या फिनिक्स पार्कात गेलेली, दहा लाखांवर माणूस होतं. आणि तिच्या आईने 2022 च्या जनगणनेत "धर्म नाही" वर खूण केली, आजीला अजून सांगितलेलं नाही म्हणे! 1961 ला इथे जवळजवळ 95 टक्के कॅथलिक होते, आता 69. आपल्या फॉर्मवर बाबाने हिंदू भरलं, मी नुसती बघत बसले.

सांगलीला दिवेलागणीला माई हाक मारायची, की आम्ही हातपाय धुवून शुभंकरोती, मग पाढे, एकोणतीसला दरवेळी अडकायचो. अण्णा पक्के नास्तिक, कधी देवळात गेले नाहीत, पण तेवढा वेळ रेडिओ बारीक करायचे. का विचारलं तर म्हणाले, "माईला तुमचं ऐकू यायला नको?" आता हेही सांगते, त्याच माईने कामाच्या मावशींचा कप वेगळा ठेवलेला, मोरीपाशी, आणि तीही घरची रीतच होती, आम्ही कुणी काही बोललो नाही. त्यामुळे इथली माणसं चर्चवर चिडतात तेव्हा मला फार परकं नाही वाटत.

तरी दिवा लावते. का, ते मलाच धड सांगता येत नाही. इथे जूनमध्ये दहापर्यंत उजेड, दिवेलागण धरायची कधी? मग आरटीईवर, इथल्या टीव्हीवर, सहाला अँजेलसची, म्हणजे कॅथलिक प्रार्थनेची, घंटा सुरू झाली की मी उठते. माईला हे कळलं असतं तर हसली असती की रागावली असती कोण जाणे.

तू शुभंकरोती म्हणच असं नाही. फक्त क्राफ्टच्या डब्यात नेलेला कापूस परत दे, वाती संपल्यात.

आई